खाण तशी माती? – दक्षिणेंतील उंसाची वंशकथा

‘खाण तशी माती’ ही म्हण मराठी माणसाच्या तोंडीं इतकी रुळलेली आहे कीं, संतति गुणानें आईबापांच्या मधोमध कोठें तरी असावयाची, असें तो धरूनच चालतो. परंतु पुण्याहून मांजरीच्या पुढें सोलापूरच्या वाटेनें जातांना जो ऊंस उभा दिसतो, त्याची वंशावळ या म्हणीस जुमानीत नाहीं.

खडकवासल्याचें धरण १८७९ साली उभें राहिलें, १८८५ साली नीरेचा कालवा वाहूं लागला, आणि या कोरड्या मुलखांत बागाइतीस ऊत आला. त्या वेळचा मानाचा ऊंस म्हणजे पुंड्या. जाड, मऊ, रसाळ, गूळ उत्तम, परंतु प्रकृतीनें नाजूक. त्यास खत भरपूर हवें आणि पाणीहि भरपूर हवें. पाण्याच्या अतिरेकानें कालव्याखालच्या कित्येक जमिनी क्षारपड झाल्या. शेतकऱ्यास जोमदार ऊंस हवा होता. पण तो आणावयाचा कोठून? ऊंस कांड्यांनीं लावावयाचा. त्याच्या तुऱ्यांत रुजणारें बीं नसतेंच, अशी सार्वत्रिक समजूत होती.

ती समजूत १८८७-८८ च्या सुमारास जावा आणि बार्बाडोस या बेटांवर खोटी ठरली. १९१२ साली कोईमतूर येथें ऊंस-पैदास केंद्र स्थापन झालें. तेथें बार्बर व व्यंकटरामन यांनीं वेल्लई नांवाच्या जाड, गोड उंसाचा संकर काश या रानगवताशीं केला. काश बोटाएवढें बारीक, साखर जवळजवळ नाहींच. मात्र अवर्षणांतहि तग धरणारें. या विजोड लग्नापासून को २०५ हा ऊंस झाला. १९१८ साली तो पंजाबांत लागवडीस गेला व तेथील देशी उंसापेक्षां सुमारें दीडपट पिकला. पुढें जावांतील पीओजे २८७८ आणि कोईमतूरचा को २९० यांच्या संकरांतून को ४१९ निघाला. दक्षिणेंत त्यानें पुंड्यास मागें सारलें. १९३२ साली नीरेच्या टापूंत पाडेगांव येथें ऊंस-संशोधन केंद्र उघडलें होतें. नव्या वाणांची पारख तेथें होऊं लागली.

मूल दोघांहूनहि सरस निघतें तें कसें? दोन जमाखर्चाच्या वह्या कल्पाव्या. आईच्या वहींत दहा ओळी. पहिल्या पांच जमेच्या, पुढच्या पांच खर्चाच्या. बापाच्या वहींत नेमकें उलट. बेरीज दोघांचीहि शून्य. मुलास प्रत्येक ओळ या नाहीं तर त्या वहींतून मिळते. अशा वांटण्या १०२४ होतात. बहुतेक मुलें मधोमधच राहतात. पण एकाच्या वांट्यास दहाहि जमा येतात, आणि एकाच्या वांट्यास दहाहि खर्च! शिवाय एकाकडील उणीव दुसऱ्याकडील गुणानें झांकली जाते, तो लाभ निराळाच. म्हणजे म्हण अगदींच खोटी नव्हे. माती खाणींतलीच, फक्त तिची जुळणी नवी.

आईबापांहून हीन निघालेलीं रोपें कोणाच्या दृष्टीस पडत नाहींत. हजारों रोपें लावावीं, वर्षानुवर्षें पारखावीं आणि अखेरीस एखादें ठेवावें, असा हा धंदा आहे. संकरित ज्वारीचें बीं दर वर्षीं नवें घ्यावें लागतें, कारण पुढच्या पिढींत वांटणी पुन्हा विस्कटते. उंसाचें तसें नाहीं. निवडलेल्या एका रोपाचीं कांडीं बेणें म्हणून लावलीं कीं, तोच ऊंस लाखों एकरांवर जसाच्या तसा उभा राहतो. को ४१९ नंतर महाराष्ट्रांत को ७४० आला. त्यानंतर को ६२१९८ व कोसी ६७१ यांचें अपत्य को ८६०३२. पुढें पाडेगांवचा कोएम ०२६५, जो क्षारयुक्त जमिनींतहि तग धरतो. पुंड्याच्या काळीं बिघडलेल्या जमिनींचें दुखणें अजून सरलेलें नाहीं, हेंच त्यावरून दिसतें.

परंतु जी सोय तीच भीति. लाखों एकरांवर एकच रोप उभें असलें, तर त्याचें वैगुण्यहि लाखों एकरांवर एकच. उत्तर प्रदेशांत को ०२३८ या वाणानें २००९ नंतर भरभराट आणली. बहुतेक शिवार त्याचेंच झालें. पुढें दहा-बारा वर्षांच्या आंत लाल कूज या रोगानें त्याच वाणाचे फड जाळीत नेले. वाणाचें नांव बदललें, तरी ही धास्ती महाराष्ट्रासहि चुकलेली नाहीं.

म्हणूनच कोईमतूरची संस्था देशोदेशींच्या काशाचे नमुने आजहि लावून जपते. ज्यास शेतकरी तण म्हणून उपटून बांधावर टाकतो, त्याच्या वहींत जमेची एखादी ओळ अजून वाचावयाची राहिली असेल.