जुना पियानो, नवा पियानो आणि तुलनेतली गफलत

‘जुन्या वस्तूंची सर नव्यांना येत नाही’ हे तुम्ही पुष्कळदा ऐकलं असेल. पियानोच्या जगातही हे वाक्य चालतं. पण संशोधन करायचं असेल तर आधी विचारा: तुलना नेमकी कशाची कशाशी?

स्टाइनवे कंपनीचं ‘मॉडेल एम’ घ्या. हा लहान ग्रँड पियानो, लांबी सुमारे 170 सेंटिमीटर. पट्टी दाबली की आतली हातोडी तारेवर आदळते. हातोडीचे लाकडी सांधे धातूच्या बारीक पिनांवर फिरतात आणि पिनेभोवती लोकरी कापडाचं अस्तर असतं. दमट हवेत कापड फुगतं, पिन आवळली जाते, पट्टी जड चालते. उपाय म्हणून 1962 मध्ये न्यूयॉर्कच्या कारखान्याने कापडाऐवजी टेफ्लॉनच्या बारीक नळ्या बसवल्या. टेफ्लॉन ओलावा शोषत नाही, घर्षणही कमी. कागदावर सगळं बरोबर होतं. पण भोवतीचं लाकूड ऋतूप्रमाणे फुगत-आकसत राहिलं आणि टेफ्लॉन मात्र होतं तेवढंच राहिलं. सांधे ढिले पडले, वाजवताना टकटक ऐकू येऊ लागली. 1980 च्या दशकाच्या सुरुवातीला कंपनी पुन्हा कापडाकडे वळली.

आता 1925, 1970 आणि आजचा असे तीन पियानो शेजारी ठेवा. अस्तराच्या बाबतीत आजचा पियानो 1970 पेक्षा 1925 च्या जवळ आहे! म्हणजे ‘जुनं-नवं’ अशी एकच सरळ रेघ इथे काढता येत नाही. त्यात 1925 च्या पियानोच्या तारा आणि हातोड्या एव्हाना बदललेल्या असू शकतात. शिवाय खराब निघालेले पियानो कधीच भंगारात गेले. आपल्यासमोर येतात ते टिकलेले. यालाच सर्व्हायव्हरशिप बायस म्हणतात.

मग करायचं काय? याच कंपनीच्या हॅम्बुर्ग कारखान्याने त्या काळातही कापडच वापरलं. साल तेच, मॉडेल तेच, अस्तर वेगळं. इतिहासाने आयता दिलेला हा कंट्रोल ग्रुपच! अर्थात, दोन्ही कारखान्यांच्या कामात इतरही फरक होते, तेही नोंदवावे लागतील.

तुमच्या विषयातही ‘पूर्वी आणि आता’ अशी तुलना असेल, तर प्रस्ताव लिहिण्याआधी एक यादी करा: काळासोबत आणखी काय काय बदललं? गाईडचा पहिला प्रश्न बहुधा तोच असेल.