लवजी कॅसल, परळ

मुंबईतील वाडिया या पारशी घराण्याचा परळ येथील जुना वाडा. जहाजबांधणीसाठी 1736 मध्ये सुरतेहून मुंबईत आलेल्या लवजी नसरवानजी वाडिया यांच्या नावाने तो ओळखला जातो. येथे 1933 ते 1942 या काळात वाडिया मूव्हिटोनचा आणि त्यानंतर राजकमल कलामंदिरचा स्टुडिओ होता. भारतीय बोलपटांतील काल्पनिक राज्यांचा एक विलक्षण कालखंड याच आवारात उभा राहिला. नकाशात नसलेल्या या राज्यांना परळइतका पक्का पत्ता क्वचितच लाभला असेल.

परळ हा मुळात बागबंगल्यांचा भाग. गव्हर्नरांचे निवासस्थानही येथेच होते. 1899 मध्ये त्या वास्तूत शास्त्रज्ञ हाफकिन यांची प्लेगची प्रयोगशाळा आली. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात भोवताली कापड गिरण्या वाढल्या आणि चिमण्या व चाळींनी हा परिसर भरून गेला. त्याआधी मुंबईच्या गोदीत वाडिया सागवानी लाकडातून ब्रिटिश आरमारासाठी युद्धनौका बांधत. 1842 मध्ये नानकिंगचा तह ज्या 'कॉर्नवॉलिस'वर झाला, ती नौका त्यांनीच बांधलेली. ज्या घराण्याने साम्राज्याला जहाजे पुरवली, त्याच घराण्यातील दोन भावांनी पुढे राजसत्ता उलथून टाकण्याच्या कथा पडद्यावर आणल्या.

जमशेद बोमन होमी ऊर्फ जे. बी. एच. वाडिया (1901–1986) आणि होमी वाडिया (1911–2004) हे ते भाऊ. थोरले शिकलेले, इंग्रजी साहित्याचे व्यासंगी, पुढे क्रांतिकारक विचारवंत मानवेंद्रनाथ रॉय यांचे अनुयायी. धाकटे कॅमेरा आणि साहसदृश्यांत रमणारे. हॉलिवूडचे नट डग्लस फेअरबँक्स यांच्या मूकपटांचा दोघांवर गाढ परिणाम होता. 1933 मध्ये त्यांनी वाड्याच्या आवारात स्टुडिओ थाटला आणि 'लाल-ए-यमन' हा आपला पहिला बोलपट काढला. कथा व गीते जोसेफ डेव्हिड यांची. 'आलम आरा' या पहिल्या भारतीय बोलपटाचे लेखकही तेच. यमन हे नाव खरे, राज्य मात्र मनातले : सावत्र आईच्या कारस्थानाने तुरुंगात पडलेला राजपुत्र, फकिराने दिलेला अदृश्य करणारा खंजीर आणि जिन्नाच्या कैदेतील राजकन्या. या बोलपटात गाणारे कोवळे फिरोज दस्तूर पुढे किराणा घराण्याचे नामांकित गवई झाले.

खरा चमत्कार घडला तो 1935 मध्ये, होमी यांनी दिग्दर्शित केलेल्या 'हंटरवाली'ने. वजीर रणमल राजाला कैद करतो आणि त्याच्या मुलीशी लग्न करू पाहतो. राजकन्या माधुरी मग चेहऱ्यावर मुखवटा चढवते, हाती चाबूक घेते आणि गांजलेल्यांच्या बाजूने उभी राहते. या राज्याचे शतक कोणते, हे प्रेक्षकाने विचारू नये अशीच मांडणी आहे. दरबार आहे, वजीर आहे, तलवारी आहेत आणि रस्त्यावर राजघराण्याची मोटारगाडीही आहे. त्या मोटारीचा धक्का लागून गरीब जसवंत पडतो. भरपाई म्हणून सोने पुढे केले जाते आणि तो ते नाकारतो. त्या नकाराने राजकन्या प्रभावित होते. संपूर्ण चित्रपटात हा प्रसंग सर्वांत अर्थपूर्ण वाटतो. गिरणीतला मजूर तिकीट काढून कशासाठी येत होता, ते त्यात दिसते.

माधुरीची भूमिका करणारी नादिया (मेरी इव्हान्स, 1908–1996) ऑस्ट्रेलियातील पर्थ येथे जन्मलेली, ब्रिटिश सैन्यातील शिपायाची मुलगी. लहानपणीच ती मुंबईत आली होती आणि काही काळ सर्कशीतही वावरली होती. सोनेरी केसांवर काळा टोप घालण्यास तिने साफ नकार दिला. आधी 'देश दीपक' आणि 'नूर-ए-यमन'मध्ये छोट्या भूमिका देऊन वाडियांनी प्रेक्षकांचा अंदाज घेतला, मगच तिला नायिका केले. इंग्रज राजवटीच्या ऐन काळात निळ्या डोळ्यांची गोरी बाई हिंदुस्थानी राजकन्या म्हणून जुलमी सत्तेवर आसूड ओढते आणि देशी प्रेक्षक तिला आपली मानतो, हा या कालखंडातील सर्वांत मोठा विरोधाभास.

दुसरा विरोधाभास सेन्सॉरच्या संदर्भातला आहे आणि इतिहासाच्या दृष्टीने तो अधिक महत्त्वाचा. परळशेजारी दादरला कोहिनूर फिल्म कंपनी होती. तिच्या 'भक्त विदुर'मधील (1921) विदुराचा वेश गांधीजींसारखा दिसला म्हणून काही प्रांतांत त्यावर बंदी आली. कोल्हापुरात व्ही. शांताराम यांच्या शिवकालावरील चित्रपटाला 'स्वराज्याचे तोरण' हे नाव ठेवता आले नाही. तो 1930 मध्ये 'उदयकाल' म्हणून आला. ज्या वर्षी 'हंटरवाली' आला, त्याच 1935 मध्ये शांताराम यांच्याच प्रभात फिल्म कंपनीच्या संत एकनाथांवरील 'महात्मा'चे नाव बदलून 'धर्मात्मा' करावे लागले. खरा राजा, खरा संत, पुराणातला विदुरही अडला. रणमलचे राज्य कोठेच नसल्यामुळे तेथील जुलमाविरुद्ध उठाव मात्र दिवसाढवळ्या दाखवता आला. पुढे 'डायमंड क्वीन'मध्ये (1940) अशाच कल्पित 'डायमंड टाऊन'मध्ये स्त्रियांच्या स्वातंत्र्याची आणि साक्षरतेची बाजू उघडपणे मांडली गेली. सोबत 'पंजाब का बेटा' नावाचा घोडा आणि 'रोल्स रॉइस की बेटी' म्हणवणारी मोटार होतीच.

त्या काळातील सुशिक्षित समीक्षकांनी हे चित्रपट 'स्टंटपट' म्हणून बाजूला सारले. तो निकाल अन्यायाचा होता. जे. बी. एच. यांनाही ती उपेक्षा बोचत असावी. त्यांनी 1937 मध्ये गाण्यांविना 'नौजवान' आणि 1941 मध्ये साधना बोस यांचा 'राज नर्तकी' इंग्रजी आवृत्तीसह काढला. पण परळच्या या स्टुडिओचे नाव लोकांत रुजवले ते घोड्यावरच्या नादियानेच.

भावांची वाट 1942 मध्ये वेगळी झाली. होमी यांनी बसंत पिक्चर्स काढली, तर लवजी कॅसलचा स्टुडिओ प्रभातमधून बाहेर पडलेल्या शांताराम यांच्याकडे आला. वडील राजाराम आणि आई कमल यांच्या नावांवरून त्यांनी त्याला राजकमल हे नाव दिले. 'शकुंतला' (1943), 'डॉ. कोटनीस की अमर कहानी' (1946), 'लोकशाहीर राम जोशी' (1947), 'अमर भूपाळी' (1951), 'पिंजरा' (1972) ही राजकमलची निर्मिती मराठी वाचकाला सांगायला नको. स्वातंत्र्याआधी शीर्षकात 'स्वराज्य' हा शब्द ठेवण्याची ज्यांना मुभा मिळाली नव्हती, ते दिग्दर्शक अखेर त्याच आवारात आले, जेथे बनावट राज्यांच्या आडून तीच गोष्ट सांगितली गेली होती.

गिरणगावाच्या सांस्कृतिक इतिहासात शाहिरी, कामगार रंगभूमी आणि गणेशोत्सव यांची नोंद हमखास होते. लवजी कॅसलची बहुधा राजकमलपासून सुरू होते. ती 1933 पासून सुरू व्हायला हवी.