नित्यातील नवल : ‘मालगुडी डेज’ आणि दूरदर्शनवरील प्रयोगशीलता

‘हम लोग’ (१९८४) या मालिकेने दूरदर्शनवर दीर्घ कौटुंबिक कथानकाची घडी बसवली. त्यानंतर दोनच वर्षांनी आलेल्या ‘मालगुडी डेज’ने निराळी वाट धरली. आर. के. नारायण यांच्या कथांवरील या मालिकेचे निर्माते टी. एस. नरसिंहन आणि दिग्दर्शक शंकर नाग होते. स्वामीची कथा अनेक भागांत विस्तारली असली, तरी पुष्कळशा कथा एकेका भागात पूर्ण होत. ‘पुढे काय होणार’ या उत्कंठेऐवजी साध्या घटनेतील नवलावर या मालिकेची भिस्त होती.

मालगुडी हे काल्पनिक गाव नारायण यांना १९३० मध्ये बंगळूर येथे सुचले. पुढे बंगळूर ही कर्मभूमी ठरलेल्या शंकर नाग यांच्या घडणीत मुंबईच्या मराठी रंगभूमीचा वाटा होता. ‘२२ जून १८९७’ (१९७९) या मराठी चित्रपटाच्या पटकथेतही त्यांचा सहभाग होता. मालिकेसाठी त्यांनी शिमोगा जिल्ह्यातील आगुंबे निवडले. कलादिग्दर्शक जॉन देवराज यांनी त्या गावाला मालगुडीचे रूप दिले. आर. के. लक्ष्मण यांची रेखाचित्रे आणि एल. वैद्यनाथन यांचे संगीत यांनी या गावाची ओळख पक्की केली.

‘इंजिन ट्रबल’ या कथेत एका गृहस्थास सोडतीत रोडरोलर बक्षीस मिळतो. तो हलवता येत नाही आणि नगरपालिका जागेचे भाडे मागते. लाभाचेच संकट होते. परंतु कोणताही चमत्कार न घडता, केवळ व्यवहाराच्या नियमांतून. ‘द मिसिंग मेल’मधील पोस्टमन मुलीचे लग्न मोडू नये म्हणून नातलगाच्या आजाराचे पत्र आणि मृत्यूची तार दडवतो. येथे प्रश्न अधिक गंभीर आहे. आपुलकीपोटी केलेले कृत्य हा सेवेतील गुन्हाही ठरतो आणि एका कुटुंबाचा शोक परस्पर पुढे ढकलला जातो. रोज दारी येणाऱ्या माणसाच्या हाती केवढी सत्ता असते, याची जाणीव प्रेक्षकास अस्वस्थ करते.

ही मालिका प्रयोगशील ठरते ती तंत्राच्या चमत्कृतीमुळे नव्हे. परिचित व्यवहार जसाच्या तसा ठेवून त्यातील विसंगती दाखवणे आणि निवाडा प्रेक्षकावर सोपवणे, हा तिचा विशेष होय. शंकर नाग यांचे १९९० मध्ये अपघाती निधन झाले. मराठी रंगभूमीच्या इतिहासलेखनात त्यांचा मुंबईतील काळ नोंदवताना या मालिकेचाही विचार व्हावयास हवा.