मातीचे फूल, दगडाचे फूल: मुंबईच्या गॉथिक नक्षीमागचे हात

१/ छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसच्या भिंतींवर, स्तंभांच्या माथ्यांवर दगडी पाने-फुले उमललेली दिसतात. एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स यांच्या आराखड्यानुसार १८७८ मध्ये या वास्तूचे काम सुरू झाले. शैली युरोपातली, म्हणून फुलेही तिकडून घडवून आणली असावीत, असा समज सहज होतो. प्रत्यक्षात या अलंकरणात मोठा वाटा होता तो मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांचा.

२/ जमशेटजी जीजीभॉय यांच्या १ लाख रुपयांच्या देणगीतून ही शाळा १८५७ मध्ये सुरू झाली. १८६५ मध्ये जॉन लॉकवुड किपलिंग तेथे वास्तुशिल्पाचे अध्यापक म्हणून आले. स्टॅफर्डशायरच्या मातीकामाच्या कारखान्यांत त्यांचे शिक्षण झाले होते. क्रॉफर्ड मार्केटच्या प्रवेशद्वारांवरील उठावशिल्पे त्यांचीच.

३/ दगडी फुलाचा जन्म बहुधा मातीत होई. हवेचे बुडबुडे निघेपर्यंत माती मळायची, फळीवर तिचा थर द्यायचा, त्यावर आकृती कोरून मातीचे गोळे दाबत पाकळ्या उभारायच्या. पाकळीची कड उचललेली आणि तळ खोल हवा. कारण गॉथिक फूल सावलीने उठून दिसते. मग त्यावर प्लास्टरचा साचा. साच्यातून माती खरवडून काढताना मूळ फूल नष्ट होई. उरे ती प्लास्टरची प्रत, आणि ती समोर ठेवून पाथरवट छिन्नी चालवी.

४/ या शैलीच्या पुनरुज्जीवनाला वैचारिक बळ दिले जॉन रस्किन यांनी. कारागिराच्या हाताला मिळालेले स्वातंत्र्य हाच गॉथिकचा प्राण, असे त्यांनी १८५३ मध्ये मांडले. मात्र १८५७ च्या उठावानंतर त्याच रस्किन यांनी भारतीय कलेला निसर्गाचे यथार्थ चित्रण जमत नाही, असा ठपका ठेवला.

५/ त्या ठपक्याला उत्तर मुंबईतच घडत होते. जॉन ग्रिफिथ्स यांच्या मार्गदर्शनाखाली याच शाळेचे विद्यार्थी १८७२ ते १८८५ या काळात वेळोवेळी अजिंठ्याला जाऊन भित्तिचित्रांच्या प्रतिकृती करत होते. तेथील छतांवर कमळे आणि वेली शतकानुशतके फुललेल्या होत्या. म्हणजे एकाच शाळेत अजिंठ्याचे कमळ आणि गॉथिक पर्णनक्षी यांचा अभ्यास एकाच वेळी चालू होता.

६/ स्टीव्हन्स, किपलिंग, ग्रिफिथ्स ही नावे ग्रंथांत सापडतात. एखादे विशिष्ट फूल कोणी घडवले, हे मात्र क्वचितच सांगता येते. ज्या शैलीचा गौरव कारागिराच्या स्वातंत्र्यासाठी झाला, तिच्याच मुंबईतील इतिहासात कारागीर निनावी राहिला.

७/ २००४ मध्ये ही वास्तू जागतिक वारसा यादीत आली. मातीची फुले साच्यांबरोबरच संपली; दगडातली मात्र आजही लाखो प्रवाशांच्या डोक्यावर आहेत. गाडीला पाच मिनिटे अवकाश असेल, तेव्हा मान वर करून एक फूल नीट पाहावे. त्या अज्ञात हातांचा तोच दस्तऐवज आहे.

(समाप्त)