रसाभासाची बाजू

वाईट सिनेमा लोक पुन्हा पुन्हा का पाहतात, याचे उत्तर पुण्यात तयार मिळते. पूर्वपक्ष असा: ज्यांची रुची घडलेली नाही त्यांना तो खरोखरच आवडतो, आणि ज्यांची घडली आहे ते त्याची टिंगल करायला जमतात. पहिले अडाणी, दुसरे खट्याळ. सिनेमाच्या पदरी श्रेय काहीच नाही. फिल्म इन्स्टिट्यूट आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ज्या गावात हाकेच्या अंतरावर आहेत, तिथे हे मत बाळगणे सुसंस्कृतपणाचे लक्षण ठरते. मीही ते चहाच्या टेबलावर अनेकदा मांडले आहे. आता ते टिकेल असे मला वाटत नाही.

आधी पूर्वपक्षाला त्याचे बळ देऊ. ते परदेशातून आणायची गरज नाही. अमेरिकी लेखिका सुसान सॉन्टॅगने 'कॅम्प'वरची, म्हणजे भडक-बेगडी गोष्टींतली गंमत चाखण्याच्या रुचीवरची, टिपणे १९६४ मध्ये लिहिली. त्याच्या सुमारे हजार वर्षे आधी काश्मीरच्या अभिनवगुप्ताने अनौचित्य हे हास्याचे मूळ मानले आहे. रस जिथे अस्थानी उभा राहतो तिथे रसाभास होतो, आणि त्यातून हसू फुटते. त्याचे उदाहरण रावणाचे: सीतेवरचे त्याचे प्रेम हा शृंगाराचा आभास. म्हणजे करुण दृश्यात नायकाचा विग सरकला आणि आपण हसलो, तर शास्त्र आपल्या बाजूने आहे. वाईटपणाच हसवतो, असे पूर्वपक्ष यावरून म्हणू शकतो.

पण शास्त्र इथे थांबत नाही. रावणाचे बोलणे ऐकताना रसिक आधी त्या प्रेमात तन्मय होतो, हसू मागाहून येते, असेही अभिनवगुप्त सांगतो. आधी तन्मयता, मग हसू. तन्मयता यायची तर रावण मनापासून बोलत असला पाहिजे. आपण थट्टा करतो आहोत हे त्यालाच ठाऊक असते, तर उरला असता नुसता चावटपणा. म्हणून मुद्दाम वाईट काढलेले सिनेमे लवकर शिळे होतात. 'शार्कनेडो'सारख्या चित्रपटाची गंमत नाव ऐकताच निम्मी संपते. नुसते अनौचित्य पुरले असते तर दर शुक्रवारी पडणारा प्रत्येक चित्रपट अमर झाला असता. वाईट सिनेमांतले बहुतेक कंटाळवाणे असतात आणि कंटाळवाणे म्हणूनच मरतात. जे उरतात त्यांच्यात आणखी काही असले पाहिजे.

ते काय, हे कांती शाह यांच्या 'गुंडा'त (१९९८) पाहू. वसतिगृहांच्या खोल्यांत अभियांत्रिकीच्या पोरांच्या पिढ्यांनी तो पाठ केला आहे. त्यातला बुल्ला, पोते, लंबू आटा हे खलपुरुष कॅमेऱ्यासमोर उभे राहून यमकात स्वतःची ओळख करून देतात. समीक्षक म्हणतो, असे कोण बोलते? पण वगातला राजा असाच येतो. दशावतारातला संकासुर असाच येतो. आपण कोण, कुठले, कशासाठी आलो हे प्रेक्षकाला तोंडावर सांगणे ही आपल्या लोकरंगभूमीची जुनी रीत आहे. बशीर बब्बर यांनी लिहिलेले 'गुंडा'चे संवाद वास्तववादाच्या फूटपट्टीने मोजले तर हास्यास्पद आहेत. बतावणीच्या मापाने मोजले तर बेताल नाहीत. इथे चूक मोजमापाची आहे.

मराठीत हेच महेश कोठारे यांच्या चित्रपटांत दिसते. 'थरथराट'मधला (१९८९) टकलू हैवान, 'धडाकेबाज'मधला (१९९०) कवट्या महाकाळ, 'झपाटलेला'मधला (१९९३) तात्या विंचू: कथा विसरलेला माणूसही ही नावे विसरत नाही. 'झपाटलेला'ची कल्पना 'चाइल्ड्स प्ले' (१९८८) या अमेरिकी चित्रपटावरून आली, हे उघड आहे. पण तिथला चकी दुकानातले खेळणे आहे, आणि तात्या विंचू आपल्या आळीतला कुणीही असू शकतो. त्यात रामदास पाध्ये यांची बाहुली आणि बाहुल्या बोलक्या करण्याची त्यांची कला आहे. ज्याला आपण स्वस्त म्हणतो, त्यात असे कसब पुष्कळदा दडलेले असते.

आता अडाणी प्रेक्षकाचा मुद्दा. रामसे कुटुंबाचा 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' (१९७०) पडला. पण त्यातल्या एका दृश्यासाठी, मुखवटा चढवून चोरी करायला निघालेल्या पृथ्वीराज कपूर यांच्या दृश्यासाठी, लोक थिएटरात परत येत, हे रामसे बंधूंनी हेरले. म्हणून त्यांनी भयपट काढायचे ठरवले आणि महाबळेश्वरला मुक्काम ठोकून तुटपुंज्या पैशात 'दो गज जमीन के नीचे' (१९७२) उभा केला. पडलेल्या चित्रपटातून नेमके दृश्य निवडणारा तो प्रेक्षक अडाणी कसा? निवड करणे हेच तर रुचीचे काम.

टिंगलीचा आरोप मात्र मी अर्धा मान्य करतो. वसतिगृहातले पहिले हसू वरून खाली पाहणारे असते. बायकांवरच्या अत्याचाराचा 'गुंडा'त जो बाजार मांडला आहे, तोही मला कुठल्याच शास्त्राने पचवता येत नाही. पण ज्याची नुसती चेष्टा करायची ते कुणी दहाव्यांदा पाहत नाही, तोंडपाठ तर मुळीच करत नाही. पाठांतर आपल्याकडे प्रेमाची खूण आहे.

आणि चेष्टेला जागाच नाही असा स्वस्त सिनेमाही महाराष्ट्रात आहे. मालेगावात नासिर शेख यांनी 'मालेगाव के शोले' काढला तो घोड्यांऐवजी सायकलींवर. पुढे त्यांच्या सुपरमॅनची भूमिका केली ती यंत्रमागावर राबणाऱ्या काटकुळ्या शफीकने. फैझा अहमद खान यांच्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव' (२००८) या माहितीपटात बैलगाडीची क्रेन होताना दिसते. ते पाहताना हसू येते, पण ते त्या माणसांच्या बरोबरीने येते. अभाव झाकला जात नाही, म्हणून मेहनत दिसते. कोट्यवधींच्या चित्रपटात नेमकी तीच दिसत नाही.

तेव्हा सिद्धांत असा: टिकणारा वाईट सिनेमा वाईटपणावर टिकत नाही. करणाऱ्याची निष्ठा, लोकरंगभूमीतून आलेली ओळखीची रीत, आणि चारचौघांत पुन्हा पुन्हा पाहण्याची संगत, या तीन गोष्टींवर तो तगतो. वाईटपणा हे फक्त दार आहे.

शेवटी उदाहरण दादासाहेब फाळके यांचे. 'लंकादहन'मध्ये (१९१७) अण्णा साळुंके यांनी राम केला आणि सीताही केली. पीळदार दंडांची सीता अशोकवनात बसली आहे आणि रावण तिच्यावर लुब्ध आहे: अभिनवगुप्ताचाच दाखला, वर आणखी एक अनौचित्य चढवलेला. तरी प्रेक्षकांची झुंबड उडाली, आणि राम पडद्यावर आला की लोक पायातले जोडे काढत, असे सांगतात. त्या चित्रपटाचे आज तुकडेच उरले आहेत. ज्यांनी फाळक्यांची रिळे शोधून पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात जपली, त्या पी. के. नायर यांनी संग्राहकाने चांगल्या-वाईटाचा निवाडा करू नये हे व्रत आयुष्यभर पाळले. निवाडा करणाऱ्यांच्या हाती किल्ल्या असत्या, तर त्या दंडांसकट ती सीताही गेली असती.