पूर्व पॉलिनेशियन भाषा : वर्गीकरण

ऑस्ट्रोनेशियन कुलाच्या पॉलिनेशियन शाखेतील लहान गट. माओरी, रारोटोंगन, ताहितीयन, मार्केसन, हवाईयन आणि रापानुई (ईस्टर बेट) या प्रमुख भाषा. ऑकलंडच्या दक्षिणेकडील टाकानिनी व आसपासच्या वस्त्यांत माओरी आणि रारोटोंगन बोलणारी कुटुंबे शेजारी राहतात. तेथील सामोअन व टोंगन मात्र या गटाबाहेरच्या. पुकापुका बेट कुक बेटांच्या राज्यात मोडते, पण त्याची भाषा मुळात सामोअनच्या बाजूची. राज्याची सीमा येथे उपयोगी नाही.

रॉजर ग्रीन यांनी १९६६ मध्ये रापानुई वेगळी काढून बाकीच्या भाषांचे ताहितिक (माओरी, रारोटोंगन, ताहितीयन) व मार्केसिक (मार्केसन, हवाईयन) असे दोन पोटगट केले. ही विभागणी रूढ झाली असली तरी तिचा पुरावा अपुरा आहे. पोटगट ठरतो तो एकत्र घडलेल्या नव्या बदलांवरून. जुनी रूपे दोन भाषांत सारखी टिकली, एवढ्याने काही सिद्ध होत नाही. सारखा बदलही स्वतंत्रपणे घडू शकतो. खाडीला माओरीत ‘फांगा’ (फांगारेई या नावात तोच शब्द), दक्षिण मार्केसनमध्ये आणि हवाईयन स्थळनामांत ‘हाना’, तर उत्तर मार्केसनमध्ये ‘हाका’. ‘ङ’चा ‘न’ होणे ही मार्केसिकची खूण मानली, तर मार्केसनचाच एक भाग बाहेर राहतो. ‘ङ’चा ‘क’ तर दक्षिण माओरीतही होतो. मेरी वॉलवर्थ यांनी २०१४ मध्ये हे दोन्ही पोटगट नाकारले, ते योग्यच. रापानुईचे वेगळेपण मात्र टिकते : मूळ काकल्य स्पर्श तिने जपला, इतर भाषांत तो लोपला. ताहितीयन व हवाईयनमधील काकल्य स्पर्श नंतरचा, ‘क’पासून झालेला.

यावर दोन आक्षेप संभवतात. १७६९ मध्ये दर्यावर्दी जेम्स कुकच्या जहाजावरील, ताहितीजवळच्या रायातेआ बेटाचा तुपाइया माओरींशी बोलू शकला, याचा आधार ताहितिक गटासाठी घेता येईल. पण परस्परांचे बोलणे कळण्यातून जवळीक दिसते, स्वतंत्र समान पूर्वज दिसत नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार. ग्रे, ड्रमंड व ग्रीनहिल यांनी २००९ मध्ये ४०० ऑस्ट्रोनेशियन भाषांच्या मूलभूत शब्दांवरून संगणकीय वंशवृक्ष मांडला. वसाहतीचा व्यापक क्रम त्यातून उमगतो. परंतु इतक्या जवळच्या भाषांत उसना शब्द वारशाच्या शब्दापासून ओळखणे कठीण, आणि बेटांमधील ये-जा वसाहतीनंतरही चालू होती. मराठी अभ्यासकांना असा पेच खानदेशीबाबत परिचित आहे : ग्रियर्सनने ती भिल्ली भाषांबरोबर ठेवली (१९०७), इतर अनेकांनी मराठीजवळ. तेव्हा रापानुई वगळता बाकीच्या भाषा एकाच साखळीतील मानाव्यात.

शब्दसाधने : ब्रूस बिग्ज यांनी १९६५ मध्ये ऑकलंड येथे सुरू केलेला तुलनात्मक कोश ‘पोलेक्स’.

राजभाषा : न्यूझीलंडमध्ये माओरी, १९८७ पासून.