दुसऱ्या वर्गाचा हॉटेलवाला

जानेवारी १९७७ मध्ये मुंबई विमानतळाने एक निविदा-सूचना काढली. काम तसे किरकोळ होते : विमानतळावर दुसऱ्या वर्गाचे एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार तीन वर्षे चालवायचे. अर्ज मात्र मागवले होते ते ‘नोंदणीकृत दुसऱ्या वर्गाच्या हॉटेलवाल्यां’कडून, आणि तेही किमान पाच वर्षांचा अनुभव असलेल्यांकडून. कारण न देता कोणतीही निविदा नाकारण्याचा अधिकार विमानतळ संचालकांनी सरकारी रिवाजाप्रमाणे स्वतःकडे राखला होता.

निविदांच्या कायद्याचा इतिहास सांगताना बरेच जण १९९४ च्या टाटा सेल्युलर खटल्यापासून सुरुवात करतात. मोबाइल फोनचे परवाने, चार महानगरे, मोठ्या कंपन्या. मला खरी सुरुवात या चहा-नाश्त्याच्या कंत्राटात दिसते.

सहा निविदा आल्या. सर्वांत जास्त परवाना शुल्क, दरमहा ६,६६६ रुपये ६६ पैसे, देऊ करणाऱ्यांना निकालपत्र ‘चौथे प्रतिवादी’ म्हणते. त्यांना कॅन्टीन चालवण्याचा दहा वर्षांचा अनुभव होता, पण हॉटेल नव्हते. फेब्रुवारीत विमानतळाने त्यांना विचारले, तुम्ही नोंदणीकृत दुसऱ्या वर्गाचे हॉटेलवाले आहात का? उत्तर आले की आम्ही नामांकित कंपन्या, क्लब, मेस आणि बँका यांना जेवणखाण पुरवतो, आणि १९७३ पासून महापालिकेचा ‘ईटिंग हाउस’ परवाना आमच्याकडे आहे. प्रश्नाला हे उत्तर नव्हतेच. तरीही १९ एप्रिलला कंत्राट त्यांनाच मिळाले.

नोव्हेंबरमध्ये या निवडीविरुद्ध उच्च न्यायालयात गेले ते रमणा दयाराम शेट्टी. त्यांनी निविदाच भरली नव्हती. त्यांचे म्हणणे असे : ती अट मीही पूर्ण करत नव्हतो, म्हणून गप्प बसलो, अट पाळली जाणार नाही हे ठाऊक असते, तर मीही भरली असती.

हा युक्तिवाद वरवर चमत्कारिक वाटतो, पण त्यात खोल पाणी आहे. निविदेच्या फायलीत फक्त आलेल्यांची नावे असतात. सूचना वाचून, अट पाहून, वर्तमानपत्राची घडी घालून ठेवणाऱ्याची नोंद कोणत्याच दप्तरात होत नाही. आमच्यासारख्या कागद चाळणाऱ्यांना तो कधी सापडत नाही. इथे तो स्वतःहून कोर्टात उभा राहिला.

उच्च न्यायालयाने याचिका फेटाळली, अपीलही फेब्रुवारी १९७८ मध्ये फेटाळले. सर्वोच्च न्यायालयात न्या. भगवती, न्या. तुळजापूरकर आणि न्या. पाठक यांच्यासमोर प्रकरण गेले आणि ४ मे १९७९ रोजी न्या. भगवतींनी निकाल लिहिला. प्राधिकरणाचा बचाव असा की ही पात्रतेची अट नव्हेच, निवड करताना पाहायची एक बाब होती. न्यायालयाने ते मानले नाही. हॉटेलांना वर्ग देते मुंबई महापालिका. तेव्हा महापालिकेने दुसरा वर्ग दिलेले हॉटेल चालवणारा, हाच त्या शब्दांचा अर्थ. सूचना वाचणाऱ्याला जो अर्थ कळेल, तोच काढणाऱ्यावर बंधनकारक. प्राधिकरण हे घटनेच्या अर्थाने ‘राज्य’ आहे, अनुच्छेद १४ त्याला लागू आहे, आणि आपण जाहीर केलेला निकष त्याने पाळलाच पाहिजे. यासाठी भगवतींनी अमेरिकन न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांच्या १९५९ च्या मताचा आधार घेतला.

आणि एवढे सगळे सांगून शेट्टींना काहीच दिले नाही! कंत्राट कायम राहिले. ते उशिरा आले. दरम्यान चौथ्या प्रतिवादींनी सामानसुमानावर सुमारे सव्वा लाख रुपये खर्च केले होते. शिवाय शेट्टींना स्वतःला रस दिसत नाही, आधीच्या कंत्राटदाराने त्यांना पुढे केलेले दिसते, असे न्यायालयाने म्हटले. दारात उभ्या राहिलेल्या त्या अदृश्य माणसाच्या मागे दुसराच कोणी निघाला. तत्त्वाला त्याने बाध आला नाही, हे मला या निकालाचे मोठेपण वाटते. पण तत्त्वाचा पहिला लाभ नियम मोडणाऱ्यांनाच मिळाला, हेही खरे.

वीस वर्षांनी वारे फिरलेले दिसते. खापरखेडा वीजकेंद्राच्या पाइपांच्या कामात राज्य विद्युत मंडळाने रौनक इंटरनॅशनलला पात्रतेत सूट दिली, म्हणून आय.व्ही.आर. कन्स्ट्रक्शन कोर्टात गेली. तीही त्या निकषात बसत नव्हती. डिसेंबर १९९८ मध्ये न्या. सुजाता मनोहर यांनी तक्रारदाराचे हे अपात्रपण त्याच्याच विरुद्ध धरले. निविदेच्या शर्तींतच शिथिलतेला वाव होता, हा फरक महत्त्वाचा आहे. पण स्थगितीने सार्वजनिक कामाचा खर्च किती वाढतो, याकडे न्यायालयाचे लक्ष अधिक होते.

पुढे नागपूर मेट्रो. चीनमधल्या रेल्वेमार्गाचा अनुभव ‘मेट्रो’चा मानायचा का, असा वाद होता. उच्च न्यायालयाने तो मानला. सप्टेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल फिरवला : निविदेचा मसुदा ज्याने लिहिला, त्याला तिचा अर्थ सर्वांत चांगला कळतो, दुष्ट हेतू किंवा उघड विपर्यास नसेल, तर न्यायालयाने त्याचाच अर्थ धरावा. १९७९ मध्ये हाच नियम असता, तर ‘दुसऱ्या वर्गाचा हॉटेलवाला’ म्हणजे कोण, हे महापालिकेच्या वर्गवारीवरून नव्हे, विमानतळाच्या कचेरीत ठरले असते.